मुलगी पाहिली की मुलीला पाहिलं? स्पॅनिश वाक्यविचाराकडे जाणारी एक मराठी वाट

प्रश्न थोडक्यात असा: विचारणारी व्यक्ती स्पॅनिशमध्ये एम.ए. करते आहे, मातृभाषा मराठी. ‘वाक्यरचना आणि अर्थ’ या पेपरात पारंपरिक, स्ट्रक्चरल, जनरेटिव्ह, फंक्शनल आणि कॉग्निटिव्ह असे पाच सिद्धान्त शिकवले गेले. आता प्रबंधिकेचा विषय द्यायचा आहे आणि डोकं गरगरतंय. यातला बरोबर सिद्धान्त कोणता, प्रबंधिकेला कोणता धरावा, आणि आधी वाक्याची रचना समजून घ्यायची की अर्थ?

मी बावीस वर्षं स्पॅनिश शिकवते आहे. त्याआधी याच विषयात संशोधन केलं आणि त्यात एकदा सणसणीत तोंडावर आपटले. ती गोष्ट पुढे येईलच. उत्तर लांबणार आहे, चहा घेऊन बसा.

तुमची खरी अडचण मला वेगळीच दिसते. तुम्हाला पाच उत्तरं पाठ आहेत, पण ती ज्या प्रश्नांना दिली गेली ते प्रश्न तुमच्यापर्यंत आलेले नाहीत. परीक्षेसाठी ‘चॉम्स्कीचं मत’, ‘आलार्कोसचं मत’ अशी टिपणं काढली की ही सगळी मंडळी स्वयंवरातल्या राजांसारखी एका रांगेत उभी दिसतात आणि आपण माळ घेऊन फिरतोय असं वाटायला लागतं. ते एका स्वयंवराला आलेलेच नव्हते. एकाला (पारंपरिक) मुलांना व्याकरण शिकवायचं होतं, दुसऱ्याला (जनरेटिव्ह) माणसाच्या डोक्यात भाषा कशी असते ते हवं होतं, तिसऱ्याला (फंक्शनल, कॉग्निटिव्ह) बोलणारा एक शब्द सोडून दुसरा का निवडतो ते.

काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत हे आधीच कबूल करते. तुमचे मार्गदर्शक कोणत्या परंपरेतले आहेत, पुढे पीएच.डी. करायची आहे की शाळेत शिकवायचं आहे, ग्रंथालयात काय मिळतं, यांवर शेवटचा निर्णय ठरेल. जनरेटिव्ह मार्गदर्शकाकडे कॉग्निटिव्ह प्रबंधिका घेऊन गेलात तर वर्ष भांडणात जाईल. पण विषय निवडण्याची रीत सगळ्यांना सारखीच लागू पडते: सिद्धान्त मागून धरा, आधी एक छळणारं वाक्य धरा. मराठी माणसाकडे त्यासाठी घरातच एक उत्तम वाक्य आहे. तिकडे जाण्याआधी ही मंडळी कशाशी झगडत होती ते भराभर सांगते.

(स्पॅनिश वाक्यं देवनागरीतच लिहिते. त्या भाषेत ब आणि व यांचा उच्चार एकच, आणि ह मुका. म्हणून ‘बी’ म्हणजे ‘मी पाहिलं’ आणि ‘आब्लो’ म्हणजे ‘मी बोलतो’.)

नेब्रिखाने १४९२ मध्ये सालामान्कात स्पॅनिशचं व्याकरण छापलं तेव्हा व्याकरण म्हणजे लॅटिनचं, हे गृहीतच होतं. स्पॅनिश नामांना विभक्ती उरलेल्या नव्हत्या, तरी पुढची कित्येक शतकं लॅटिनच्या विभक्तींचे कप्पे स्पॅनिशवर चढवले गेले. आपल्याला हे ओळखीचं आहे. दादोबा पांडुरंगांचं व्याकरण १८३६ चं. तेव्हापासून संस्कृतच्या आठ विभक्तींचा साचा मराठीवर आहे आणि शाळेत ‘स-ला-ते’ घोकताना द्वितीया आणि चतुर्थी सारख्याच का दिसतात असं विचारणाऱ्या मुलाला आजही गप्प बसवतात. तो मुलगा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

हा साचा मुद्दाम मोडला तो आंद्रेस बेयोने. जन्म काराकासचा, पण व्याकरण १८४७ मध्ये चिलीतल्या सान्तियागोतून निघालं, तेही अमेरिका खंडातल्या लोकांसाठी असं शीर्षकातच सांगून. एका भाषेचं व्याकरण दुसरीवर लादू नये, हा त्याचा आग्रह. त्याने काळांना दिलेली नावं पाहा. अपूर्ण भूतकाळाला तो ‘को-प्रेतेरितो’ म्हणतो, म्हणजे भूतकाळातल्या दुसऱ्या घटनेच्या सोबत चालणारा. नाव वाचलं की अर्थ कळतो. माझ्या मते पाठ्यपुस्तकांतल्या चार्टांपेक्षा हे आजही सरस आहे.

स्ट्रक्चरल पंथाच्या एमिलिओ आलार्कोसचा फंक्शनल व्याकरणावरचा लेखसंग्रह १९७० चा. त्याला हवं होतं ते असं, की वाक्यातल्या घटकाला अर्थावरून नव्हे, वाक्यातल्या वागणुकीवरून ओळखायचं. ‘कोन्फियार एन’ म्हणजे विश्वास ठेवणे. त्यातला ‘एन’ क्रियापदच मागून घेतं, जसा आपल्याकडे ‘विश्वास’ ‘वर’ मागतो आणि ‘भिणे’ ‘ला’ मागतं. अशा घटकाला त्याने ‘सुप्लेमेन्तो’ म्हणून वेगळं काढलं. तुमच्या टिपणांत तो शब्द नक्की असेल, पण तो कशासाठी होता हे बहुधा नसेल.

जनरेटिव्ह पंथाचा जनक चॉम्स्की, त्याच्या १९८१ च्या मांडणीत इटालियन आणि स्पॅनिश मध्यभागी आल्या, कारण या भाषा कर्ता गाळतात. ‘आब्लो’ म्हटलं की पुरे. मराठी माणसाला यात नवल वाटत नाही, ‘आलोच’ म्हणून आपण निघतो. नवल पुढे आहे. आपण कर्मही गाळतो: ‘पुस्तक आणलंस?’ ‘आणलं.’ स्पॅनिशमध्ये बहुतेक ठिकाणी ‘लो त्राखे’ म्हणावं लागतं, तो ‘लो’ म्हणजे ‘ते’ सोडता येत नाही. पहिल्या वर्षाच्या मराठी विद्यार्थ्यांच्या वह्या तपासा, हा ‘लो’ पानोपानी हरवलेला असतो. कर्ता गाळता येणं आणि कर्म गाळता येणं या दोन वेगळ्या सवयी आहेत, हे मला वर्गातल्या चुकांनी शिकवलं.

पुढे बोस्के आणि देमोन्ते यांनी १९९९ मध्ये पाच हजारांहून अधिक पानांचं, तीन खंडांचं वर्णनात्मक व्याकरण संपादित केलं, आणि २००९ मध्ये स्पॅनिश भाषेच्या सगळ्या अकादम्यांनी मिळून नवं व्याकरण काढलं, ज्याची सूत्रं बोस्केंकडेच होती. या दोन्हींत पंथांची भांडणं जवळपास दिसत नाहीत, पण ज्याला ती माहीत आहेत त्याला प्रत्येक परिच्छेदामागे ती ऐकू येतात. एवढा इतिहास पुरे.

आता ते वाक्य. ‘मुलगी पाहायला गेलो’ आणि ‘मुलीला पाहायला गेलो’ यांतला फरक मराठी माणसाला समजावून सांगावा लागत नाही. पहिल्यात कांदेपोहे आहेत, दुसऱ्यात कदाचित हॉस्पिटल. कर्म तेच, क्रियापद तेच, एका ‘ला’ने सगळा प्रसंग बदलला.

स्पॅनिशमध्ये हे काम ‘आ’ करतो. ‘बी एल आर्बोल’: मी झाड पाहिलं. ‘बी आ पेद्रो’: मी पेद्रोला पाहिलं. वर्गात नियम सांगतात की कर्म व्यक्ती असेल तर ‘आ’ लावा. सोपा नियम आहे, पहिल्या सहा महिन्यांना पुरतो. मग ‘तेंगो दोस एर्मानोस’ समोर येतं, ‘मला दोन भाऊ आहेत’, आणि भाऊ व्यक्ती असूनही ‘आ’ नाही. मग ही जोडी येते: ‘बुस्को ऊन मेदिको के आब्ले मराठी’ आणि ‘बुस्को आ ऊन मेदिको के आब्ला मराठी’. पहिलं वाक्य म्हणजे मराठी बोलेल असा कोणी डॉक्टर शोधतोय, मिळेल की नाही देव जाणे. दुसरं म्हणजे एक ठरावीक डॉक्टर आहेत, मराठी बोलतात, त्यांना शोधतोय. ‘आ’ आला तसा ‘आब्ले’चा ‘आब्ला’ झाला, म्हणजे क्रियापदाचा अर्थही (व्याकरणात स्वार्थ, विध्यर्थ म्हणतो तो) बदलला. आपण ‘बोलेल असा’ म्हणतो त्यातही क्रियापदाने हेच काम केलेलं आहे. रचना आधी की अर्थ, या तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचा गुंता या एका जोडीत सापडेल.

यावरून वाटतं की ठरावीक व्यक्ती असेल तर ‘आ’, नसेल तर नाही. मग ‘नो बुस्को आ नादिए’ घ्या: मी कोणालाही शोधत नाही. इथे ठरावीक सोडा, व्यक्तीच अस्तित्वात नाही, तरी ‘आ’ सक्तीचा. आणि मराठीकडे बघा, ‘कोणाला शोधतोयस?’ मध्ये ‘ला’ हवाच. ‘कोण शोधतोयस’ कोणी म्हणत नाही. वस्तूबद्दल विचारताना मात्र ‘काय शोधतोयस’. म्हणजे ठरावीकपणा एकटा पुरत नाही, सजीवपणाही हवा. तेही पुरत नाही, कारण ‘एल आद्खेतिबो प्रेसेदे आल सुस्तान्तिबो’, विशेषण नामाच्या आधी येतं, या वाक्यात दोन्ही निर्जीव आणि तरी ‘आ’ आहे (‘आल’ म्हणजे ‘आ’ आणि ‘एल’ एकत्र). तिथे अडचण ही, की दोन सारख्याच गोष्टींपैकी कोण कोणाच्या आधी हे कळायला हवं. शिवाय ‘किएरे ऊना कोसिनेरा’ म्हणजे त्याला एक स्वयंपाकीण हवी आहे, आणि ‘किएरे आ ऊना कोसिनेरा’ म्हणजे त्याचं एका स्वयंपाकिणीवर प्रेम आहे. इथे एका ‘आ’ने क्रियापदाचाच अर्थ पालटला.

आता पंथांना आत बोलवा. बघा, प्रत्येक जण काही वेगळंच विचारतो.

जर्मन अभ्यासक गेऑर्ग बॉसाँग याने १९८५ च्या सुमारास दाखवलं की फारसी, हिंदी, स्पॅनिश अशा दूरदूरच्या भाषा काही कर्मांवर खूण करतात आणि काहींवर नाही. त्याचा प्रश्न जगभरच्या भाषांचा होता. ज्युडिथ एसनने २००३ मध्ये याला शिडीचं रूप दिलं: कर्ता सहसा माणूस असतो, ठरावीक असतो, म्हणून एखादं कर्म कर्त्यासारखं दिसायला लागलं की त्याच्यावर खूण करायची, दगडधोंड्यांवर करायची गरज नाही. हे वाचल्यावर वर्गात मुलांना ‘का’ सांगता येतं. पण ‘नादिए’ आणि स्वयंपाकीण यांच्याबद्दल ही शिडी फारसं बोलत नाही.

जनरेटिव्ह मंडळी विचारतात की ‘आ’ असलेलं कर्म वाक्याच्या झाडात, म्हणजे कोणता घटक कोणाच्या आत आहे हे दाखवणाऱ्या फांद्यांच्या आकृतीत, नेमकं कुठे बसतं. एस्तेर तोर्रेगोने १९९८ च्या पुस्तकात अशा कर्मांना आतून बाहेरच्या, वरच्या जागी नेलं. हे वाचताना ‘कशाला एवढी उठाठेव’ असं वाटतं खरं, मग अर्जेंटिनातल्या ब्वेनोस आयरेसमधलं ‘लो बी आ पेद्रो’ समोर येतं: त्याला पाहिलं पेद्रोला, सर्वनामही आणि नामही. माद्रिदमध्ये असं म्हणणार नाहीत. रिचर्ड केनचं निरीक्षण होतं की ही दुहेरी मांडणी तेव्हाच चालते जेव्हा कर्मावर ‘आ’सारखी खूण असते, आणि ओस्वाल्दो हाएग्लीने १९८२ मध्ये स्पॅनिशवर ते तपासलं. नंतर त्याच शहरात ‘आ’ नसलेल्या कर्माचीही दुहेरी वाक्यं सापडली आणि वाद पुन्हा पेटला. झाडं काढण्याचा फायदा असा, की तुमचं म्हणणं चुकलं तर ते चुकलं हे लगेच दिसतं.

एरिका गार्सियाने १९७५ मध्ये सरळ वेगळा रस्ता धरला. तिच्या मते ‘लो’ आणि ‘ले’ ही विभक्तीची लेबलं नाहीत, प्रत्येकाला स्वतःचा अर्थ आहे आणि बोलणारा त्यातून निवडतो. स्पेनच्या मोठ्या भागात पुरुषाबद्दल ‘लो बी’ऐवजी ‘ले बी’ म्हणतात. स्पेनच्या भाषा-अकादमीनेही एकवचनी पुरुषापुरतं ते मान्य केलं आहे. शुद्धाशुद्धाच्या चष्म्यातून ही चूक आहे, तिच्या चष्म्यातून ती निवड आहे.

‘स-ला-ते’वाला मुलगा आठवतोय? त्याचा प्रश्न स्पॅनिशमध्येही आहे. ‘बी आ पेद्रो’ मधला ‘आ’ आणि ‘दी एल लिब्रो आ पेद्रो’ (पेद्रोला पुस्तक दिलं) मधला ‘आ’ दिसायला एकच. स्पॅनिशकडे कसोट्या आहेत: पहिल्याला सर्वनाम ‘लो’, दुसऱ्याला ‘ले’, शिवाय कर्मणी वाक्य केलं की पहिला ‘आ’ गळून पडतो. पण ‘ले बी’ म्हणणाऱ्या माद्रिदकराच्या तोंडी पहिली कसोटी बोथट होते. म्हणून कसोटी लावण्याआधी माहिती देणारी व्यक्ती कुठली आहे ते विचारायचं.

आता या सगळ्यात मला सर्वांत जास्त आवडणारी जागा. शाळेत प्रयोग शिकलो होतो: कर्तरी, कर्मणी, भावे. ‘पोलिसांनी चोर पकडले’ मध्ये क्रियापद चोरांच्या मागे जातं. ‘पोलिसांनी चोरांना पकडलं’ मध्ये ‘ना’ लागल्याबरोबर क्रियापद चोरांचा हात सोडतं आणि नपुंसकलिंगी एकवचनात जाऊन बसतं. कर्त्यावर ‘नी’ आहे, कर्मावर ‘ना’ आहे, दोघांचीही दारं बंद. मग क्रियापदाला धरायला कोणी उरत नाही.

हॉटेलच्या काचेवर स्पॅनिशमध्ये पाटी असते: ‘से बुस्कान कामारेरोस’, वेटर पाहिजेत. ‘बुस्कान’ अनेकवचनी, वेटरांच्या मागे गेलेलं. बातमीत येतं: ‘से बुस्का आ लोस लाद्रोनेस’, चोरांना शोधलं जातंय. ‘आ’ आला आणि क्रियापद ‘बुस्का’, एकवचनी. चोर कितीही असोत. हा आपला भावे प्रयोगच! ‘से’ने कर्ता बाजूला केला, ‘आ’ने कर्म बाजूला केलं, क्रियापद एकटं पडलं. बेयोने १८४७ मध्येच या रचनेचा वेगळा विचार केला होता. ‘आ’ नसता तर चोर एकमेकांना शोधताहेत असाही अर्थ निघू शकला असता, ही त्यामागची गरज पुष्कळ व्याकरणकारांनी सांगितली आहे. वर्गात हे मी ‘चोरांना पकडलं’ वरून सांगते आणि मराठी मुलांना ते पाच मिनिटांत कळतं. इंग्रजीतून लिहिलेल्या पाठ्यपुस्तकाला त्यासाठी अख्खा धडा लागतो, कारण इंग्रजीत प्रयोगाची ही भानगडच नाही.

इथेच मी आपटले. या साम्याने इतकी हुरळून गेले की प्रबंधाचा गाभाच ‘स्पॅनिशचा आ म्हणजे मराठीचा ला’ असा ठेवला. ऐंशीएक पानं झाल्यावर एका चर्चेत मराठी जाणणाऱ्या परीक्षकांनी शांतपणे विचारलं, ‘तुम्ही तुकाराम वाचता की तुकारामाला वाचता?’

पुढचं सगळं त्या एका प्रश्नाने कोसळलं. आपण म्हणतो, ‘मी तुकाराम वाचला’, ‘आजोबांनी गांधी पाहिले होते’. ठरावीक व्यक्ती, विशेषनाम, शिडीची अगदी वरची पायरी, आणि तरी ‘ला’ नाही. क्रियापद ‘वाचला’, ‘पाहिले’ असं थेट त्यांच्या मागे जातं. ‘ही मुलगी कुठेतरी पाहिली आहे’ हेही घ्या. बोट दाखवून बोलतोय, तरी ‘ला’ नाही. स्पॅनिशमध्ये सेर्बान्तेस वाचला तर ‘ए लेइदो आ सेर्बान्तेस’ म्हणावं लागतं, ‘आ’सकट, पुस्तकच वाचलेलं असलं तरी. आजोबांनी गांधी पाहिले तर ‘बियो आ गांधी’. फक्त चित्रकाराच्या नावाला उपपद लागून ते सामान्यनाम झालं, ‘ऊन पिकासो’ म्हणजे पिकासोचं एक चित्र, की मग ‘आ’ जातो.

स्पॅनिश नावाकडे बघते. निदान ‘वाचणे’, ‘पाहणे’, ‘ऐकणे’ या क्रियापदांपुरती मराठी त्या नावामागे आत्ता काय उभं आहे तिकडे बघते. समोरची व्यक्ती असेल तर ‘गांधींना पाहिलं’. एक युग, एक अनुभव असेल तर ‘गांधी पाहिले’. कांदेपोह्यांतली ‘मुलगी पाहिली’ हीदेखील व्यक्तीपेक्षा स्थळ म्हणून पाहिलेली मुलगी आहे, ऐकायला कितीही वाईट वाटलं तरी. इथे मला कॉग्निटिव्ह वाचनाचा उपयोग झाला, ज्या पंथाला तोवर मी नाकं मुरडत होते. झाड काढून क्रियापद कोणाच्या मागे जातं ते सांगता येत होतं. बोलणारा ‘ला’ का टाळतो, हे सांगायला त्याच्या डोळ्यांपुढचं चित्र लागत होतं.

आणखी दोन ठिकाणं सांगते जिथे मराठी कान मदत करतो किंवा फसवतो.

मदत: ‘कोमियो ला मान्साना’ म्हणजे सफरचंद खाल्लं, ‘से कोमियो ला मान्साना’ म्हणजे खाऊन टाकलं. ‘टाकलं’ची छटा ‘से’मध्ये आहे, आणि म्हणूनच ‘से कोमियो मान्सानास’, म्हणजे मोजमाप नसलेली सफरचंदं, चालत नाही; संपवायला काहीतरी ठरावीक हवं. तसंच ‘से मे कायो एल बासो’. पेला पाडला म्हणत नाहीत, माझ्या हातून पडला म्हणतात. ‘मे’ म्हणजे तो हात. मेक्सिकोच्या रिकार्दो माल्दोनादोने १९९९ मध्ये ‘से’वर पुस्तक लिहिलं. ‘काएर’ आणि ‘काएर्से’ या दोन ‘पडण्यां’तला फरक त्याने अपेक्षेत शोधला: पाऊस पडणारच, म्हणून त्याला ‘से’ नाही, पेला पडायला नको होता, म्हणून ‘से’. जनरेटिव्ह मांडणीत हाच ‘से’ घटना पूर्ण झाल्याची खूण म्हणून झाडात बसवतात. दोन्ही वाचा. मला ‘कोमेर्से’ला झाड पटतं आणि ‘काएर्से’ला माल्दोनादो.

फसवणूक: शब्दक्रम. ‘पाव कोणी आणला?’ याला आपण म्हणतो, ‘पेद्रोने आणला’. नवी माहिती क्रियापदाच्या लगेच आधी. स्पॅनिशमध्ये सहज उत्तर ‘लो त्राखो पेद्रो’, नवी माहिती शेवटी. एलेस कोन्त्रेरासने १९७६ मध्ये याची मांडणी जुनी-नवी माहिती या अंगाने केली. मारिया लुईसा सुबिसार्रेताने १९९८ मध्ये सांगितलं की स्पॅनिश वाक्याचा आघात शेवटी पडतो, म्हणून ज्याला आघात हवा तो शब्द तिथे नेला जातो. पुढच्या चाचण्यांत बोलणारे तो शब्द दर वेळी शेवटी नेत नाहीत असं दिसलं, त्यामुळे हा विषय अजून गरम आहे. पण स्वरलहरी मोजायची तयारी नसेल तर एम.ए.ला याच्या वाटेला जाऊ नका.

आता व्यवहाराचं. तुम्ही ‘आ’ आणि ‘ला’ यांच्या तुलनेवर प्रबंधिका करा असं माझं सरळ म्हणणं आहे, आणि त्यातही विशेषनामं आणि ‘वाचणे’, ‘पाहणे’, ‘ऐकणे’, ‘बोलावणे’ एवढीच क्रियापदं घ्या. स्पॅनिश वाक्यं स्वतः रचू नका. आपण कितीही वर्षं शिकलो तरी आपला स्पॅनिश कान उसना आहे. मीही अजून विचारून घेते. अकादमीचा ‘कोर्पेस’ हा २००१ पासूनच्या मजकुराचा संग्रह खुला आहे आणि त्यात देश निवडून शोधता येतं. त्याआधीच्या पंचवीसेक वर्षांसाठी ‘क्रेआ’ आहे, जुन्या काळासाठी ‘कोर्दे’. क्रियापदागणिक रचना पाहायच्या तर विगो विद्यापीठाचं ‘आदेसे’ उघडा. प्रत्येक क्रियापदाची साठ-सत्तर वाक्यं पुरतील. मग किमान दोन देशांतल्या बोलणाऱ्यांना विचारा, आणि तिसरा माद्रिदचा असेल तर ‘ले’वर लक्ष ठेवा. मराठीसाठी तुमचा कान चालेल, पण एकट्याचा नको. ‘प्लंबर बोलावला’ आणि ‘प्लंबरला बोलावलं’ यांत काय फरक वाटतो हे घरातल्या चारजणांना विचारलंत तर पाच उत्तरं येतील आणि ती सगळी लिहून ठेवण्यासारखी असतील.

सिद्धान्त यानंतर निवडायचा. कोष्टक भरल्यावर तुमच्या लक्षात येईल की काही ओळी क्रियापद कोणाच्या मागे जातं याबद्दल आहेत आणि काही बोलणाऱ्याला काय अभिप्रेत होतं याबद्दल. पहिल्यांची संख्या जास्त असेल तर जनरेटिव्ह चौकट सोयीची, दुसऱ्यांची जास्त असेल तर फंक्शनल किंवा कॉग्निटिव्ह. दोन्ही मिसळायच्या असतील तर कोणती ओळ कोणत्या चौकटीत सोडवली हे स्पष्ट लिहा. परीक्षक मिसळण्याला हरकत घेत नाहीत, लपवण्याला घेतात. आणि रचना आधी की अर्थ याचं उत्तर माझ्या अनुभवात असं, की दर ओळीला बाजू बदलते. डॉक्टरांच्या जोडीत अर्थावरून निघाले तर रचना कळली. चोरांच्या वाक्यात रचनेवरून निघाले तर अर्थ.

शब्दांची व्याख्या अडली तर अकादमीची २०१९ ची व्याकरणसंज्ञांची सूची वापरा, तिथे एकाच गोष्टीची वेगवेगळ्या पंथांतली नावं सापडतात. मराठी बाजूला मोरो केशव दामल्यांचं १९११ चं व्याकरण आणाच. प्रयोगांवर त्यांनी केलेली चर्चा तुमच्या मार्गदर्शकांनी वाचलेली असण्याची शक्यता कमी आहे, त्यामुळे तो भाग सविस्तर लिहा आणि ‘भावे’चं भाषांतर करायच्या फंदात न पडता शब्द तसाच ठेवून खाली समजावून सांगा. पहिली वीस वाक्यं जमली की इथेच टाका. ‘वाचला’ आणि ‘लेइदो आ’ यांच्या ओळी समोरासमोर ठेवून टाका, म्हणजे वाचायला सोपं जाईल.